शब्दप्रामाण्य आणि शब्दविवेक : विल्यम वॉरन प्रेस्कॉट ह्यांच्या चरित्राचे एक परिशीलन

१

धर्मसंस्थांच्या प्रशासकांची चरित्रे सामान्यतः दोन प्रकारांनी लिहिली जातात. एका प्रकारात अधिवेशने, ठराव, नेमणुका व प्रवास ह्यांची कालानुक्रमे नोंद असते. दुसऱ्यात अनुयायाने श्रद्धेने रेखाटलेले गुणचित्र असते. सेव्हन्थ-डे ॲडव्हेंटिस्ट ह्या अमेरिकन ख्रिस्ती पंथाचे शिक्षणतज्ज्ञ, संपादक व प्रशासक विल्यम वॉरन प्रेस्कॉट (१८५५–१९४४) ह्यांच्या वाट्यास ह्याहून बरे चरित्र आले, ही समाधानाची गोष्ट होय. गिल्बर्ट व्हॅलेंटाइन ह्यांनी १९८२ मध्ये अँड्र्यूज विद्यापीठात प्रेस्कॉट ह्यांच्यावर डॉक्टरेटचा प्रबंध लिहिला. पुढे १९९२ मध्ये 'द शेपिंग ऑफ ॲडव्हेंटिझम' हा ग्रंथ आणि २००५ मध्ये एक विस्तृत चरित्र प्रसिद्ध केले. ह्या शेवटच्या ग्रंथाच्या शीर्षकात प्रेस्कॉट ह्यांचे वर्णन पंथाच्या दुसऱ्या पिढीतील 'विस्मृत महापुरुष' असे केलेले आहे.

चरित्रकाराची दृष्टी इतिहासकाराची आहे व ती यथायोग्यच आहे. प्रस्तुत निबंधाचा हेतू त्या चरित्राचा सारांश देण्याचा नाही. भाषाशास्त्राच्या अभ्यासकास त्याच सामग्रीत जो एक प्रश्न ठळकपणे दिसतो, त्याची चर्चा येथे करावयाची आहे. तो प्रश्न असा : ग्रंथाचे प्रामाण्य मानणाऱ्या समाजास तो ग्रंथ वाचण्याची विद्या कोणी व कशी शिकवावयाची? प्रेस्कॉट ह्यांच्या आयुष्याचे दोन भाग ह्या प्रश्नाभोवती फिरतात. पूर्वार्धात ते शिक्षणसुधारक होते आणि त्यांनी ग्रीक-लॅटिन वाङ्मयास अभ्यासक्रमाच्या मध्यभागावरून हलवून तेथे बायबलची स्थापना केली. उत्तरार्धात ते पाठशोधक झाले; आणि ज्या विद्येच्या बळावर त्यांनी पाठशोधन केले, ती त्यांना त्या हलविलेल्या वाङ्मयाच्या अध्ययनातूनच मिळालेली होती. हा विरोध त्यांच्या चरित्राचा गाभा आहे, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे.

२

प्रथम पंथाची ओळख थोडक्यात करून देणे आवश्यक आहे. न्यूयॉर्क राज्यातील विल्यम मिलर (१७८२–१८४९) हे एक शेतकरी. जुन्या करारातील दानिएलच्या पुस्तकाचे अध्ययन करून त्यांनी असे गणित मांडले की, ख्रिस्ताचे पुनरागमन १८४३ च्या सुमारास घडून येईल. पुढे अनुयायांनी २२ ऑक्टोबर १८४४ हा दिवस निश्चित केला. तो दिवस उगवला व मावळला. आशाभंग झालेल्या हजारो लोकांतून जे छोटे गट तगून राहिले, त्यांपैकी एका गटातून १८६३ मध्ये मिशिगन राज्यातील बॅटल क्रीक येथे सेव्हन्थ-डे ॲडव्हेंटिस्ट पंथाची रीतसर संघटना झाली. शनिवारी शब्बाथ पाळणे व ख्रिस्ताच्या पुनरागमनाची प्रतीक्षा करणे ही ह्या पंथाची दोन लक्षणे त्याच्या नावातच आहेत. एलेन व्हाइट (१८२७–१९१५) ह्यांना झालेली दर्शने व त्यांचे विपुल लेखन ह्यांना पंथात ईश्वरी मार्गदर्शनाचे स्थान प्राप्त झाले. तात्पर्य, ह्या पंथाचा जन्मच एका ग्रंथाच्या वाचनातून, किंबहुना त्यातील काही शब्दांच्या अर्थनिर्णयातून झालेला आहे.

प्रेस्कॉट ह्यांचा जन्म १८५५ मध्ये न्यू हॅम्पशर राज्यातील ऑल्टन येथे झाला. त्यांचे वडील मिलर ह्यांच्या चळवळीतील होते. डार्टमथ महाविद्यालयातून १८७७ मध्ये ते पदवीधर झाले. त्या काळच्या न्यू इंग्लंडमधील महाविद्यालयीन शिक्षणाचा कणा म्हणजे ग्रीक व लॅटिन. शब्दाचे रूप ओळखावे, त्याचा अन्वय लावावा, एकच शब्द अन्यत्र कोणत्या अर्थाने आला आहे ते पाहावे आणि मगच भाषांतर करावे, ही त्या शिक्षणाची नित्याची कवायत असे. पदवीनंतर काही वर्षे त्यांनी व्हर्माँट राज्यातील शाळांत मुख्याध्यापक म्हणून काम केले. नंतर ते वृत्तपत्रव्यवसायात शिरले व व्हर्माँटच्या राजधानीत एका साप्ताहिकाचे मालक-प्रकाशक झाले. ही दोन प्रकारची उमेदवारी लक्षात ठेवण्याजोगी आहे. अभिजात भाषांच्या अध्ययनाने त्यांना शब्दाकडे पाहावयास शिकविले. आणि उतारा कोठून घेतला, तारीख बरोबर आहे काय, हे छपाईपूर्वी पडताळून पाहण्याची सवय वृत्तपत्राने लावली. पुढील आयुष्यात त्यांनी जे वाद अंगावर ओढवून घेतले, त्यांचे मूळ ह्या दोन सवयींत आहे.

१८८५ मध्ये वयाच्या तिसाव्या वर्षी त्यांना बॅटल क्रीक महाविद्यालयाच्या अध्यक्षपदी पाचारण करण्यात आले. १८७४ मध्ये स्थापन झालेल्या ह्या महाविद्यालयाचा पूर्वेतिहास सरळ नव्हता. मिशिगन विद्यापीठात अभिजात भाषांचे शिक्षण घेतलेले सिडनी ब्राउन्सबर्गर ह्यांनी त्याला प्रचलित अमेरिकन महाविद्यालयाचे वळण दिले होते. तर पंथाचे आद्य शिक्षक व व्याकरणकार गुडलो हार्पर बेल ह्यांची शिस्त व पद्धती निराळी होती. मतभेद विकोपास जाऊन १८८२–८३ मध्ये महाविद्यालय वर्षभर बंद ठेवावे लागले. अशा संस्थेस प्रेस्कॉट ह्यांनी स्थैर्य आणले आणि १८९४ पर्यंत तिचे अध्यक्षपद सांभाळले. १८८७ पासून ते पंथाच्या जनरल कॉन्फरन्स नामक मध्यवर्ती मंडळाचे शिक्षणचिटणीसही होते. नेब्रास्का राज्यातील लिंकन येथे १८९१ मध्ये युनियन महाविद्यालय आणि पश्चिमेकडील वॉशिंग्टन राज्यात १८९२ मध्ये वाला वाला महाविद्यालय सुरू झाले, तेव्हा त्यांचेही पहिले अध्यक्ष तेच. काही काळ एकच मनुष्य शेकडो मैल दूर असलेल्या तीन महाविद्यालयांचा अध्यक्ष होता.

३

शिक्षणाच्या इतिहासात प्रेस्कॉट ह्यांचे नाव मुख्यतः १८९१ च्या उन्हाळ्यात मिशिगनमधील हार्बर स्प्रिंग्ज येथे भरलेल्या शिक्षकपरिषदेशी निगडित आहे. ही परिषद त्यांच्याच पुढाकाराने भरली व एलेन व्हाइट तीस उपस्थित होत्या. तीन वर्षांपूर्वी, १८८८ मध्ये मिनिआपोलिस येथील अधिवेशनात, कर्मकांडापेक्षा ख्रिस्तावरील श्रद्धेस मध्यवर्ती मानणारी विचारसरणी पुढे आली होती व प्रेस्कॉट तिचे पुरस्कर्ते झाले होते. तीच दृष्टी आता शिक्षणास लावण्यात आली. बायबल हा अनेक विषयांपैकी एक विषय न राहता सर्व विषयांचा आधार व्हावा, इतिहास त्याच्या प्रकाशात शिकवावा, आणि 'मूर्तिपूजक' ग्रीक-रोमन लेखकांच्या ग्रंथांस आजवर दिले गेलेले अग्रस्थान काढून घ्यावे, असा ह्या विचाराचा रोख होता. पुढे १८९५–९६ मध्ये प्रेस्कॉट ऑस्ट्रेलियात गेले, तेव्हा कुरनबाँग येथील नियोजित ॲव्हनडेल विद्यालयाच्या आखणीस त्यांनी साहाय्य केले. १८९७ मध्ये सुरू झालेले हे विद्यालय नव्या पद्धतीचा नमुना मानले गेले.

ह्या सुधारणेचे मूल्यमापन करताना दोन गोष्टी न्यायाने सांगितल्या पाहिजेत. पहिली अशी की, प्रेस्कॉट ह्यांची चाल सावध होती. बॅटल क्रीक महाविद्यालयात आमूलाग्र बदल झाले ते त्यांच्या निघून जाण्यानंतर, १८९७ पासून एडवर्ड सदरलंड अध्यक्ष असताना. दुसरी गोष्ट अशी की, अभिजात अभ्यासक्रमाविषयीची तक्रार निराधार नव्हती. धर्मोपदेशक व शिक्षक तयार करण्यासाठी काढलेल्या शाळेत विद्यार्थी वर्षानुवर्षे होमर व व्हर्जिल ह्यांत गढलेले असत आणि पंथाच्या मूळ ग्रंथाचे अध्यापन मात्र ऐच्छिक राही, ही विसंगती कोणाच्याही लक्षात येण्यासारखी होती.

तथापि येथेच एक प्रश्न विचारावा लागतो. अभ्यासक्रमातून एखादा ग्रंथ काढून दुसरा नेमला असता, पहिल्या ग्रंथाच्या निमित्ताने जी वाचनपद्धती शिकविली जात होती, ती आपोआप दुसऱ्या ग्रंथाकडे जाते काय? व्हर्जिलची ओळ समोर ठेवून विद्यार्थी विभक्ती, काल व अन्वय ह्यांचा विचार करीत असे, कारण त्याशिवाय त्याला अर्थच लागत नसे. मातृभाषेत सुलभपणे उपलब्ध असलेले बायबल वाचताना ही अडचण उरत नाही आणि अडचणीबरोबर तिने लावलेली शिस्तही उरत नाही. भाषांतर म्हणजेच मूळ, असा समज होण्यास वेळ लागत नाही. हार्बर स्प्रिंग्जच्या विचारात ग्रंथाच्या निवडीविषयी पुष्कळ चिंता होती. ग्रंथ वाचण्याच्या पद्धतीविषयी तितकी चिंता दिसत नाही. ह्या उणिवेची किंमत वीस वर्षांनी खुद्द प्रेस्कॉट ह्यांनाच मोजावी लागली.

४

१८९७ ते १९०१ ह्या काळात प्रेस्कॉट इंग्लंडमध्ये पंथाच्या कार्याचे प्रमुख होते. १९०१ मध्ये ते अमेरिकेत परतले आणि आर्थर डॅनिएल्स ह्यांच्या नेतृत्वाखाली झालेल्या संघटनात्मक पुनर्रचनेत अग्रभागी राहिले. १९०२ पासून १९०९ पर्यंत 'रिव्ह्यू अँड हेरल्ड' ह्या पंथाच्या मुखपत्राचे ते संपादक होते. १९०३ मध्ये पंथाचे मुख्यालय बॅटल क्रीकहून राजधानी वॉशिंग्टनच्या परिसरात हलविण्यात आले. त्याच वर्षी डॉ. जॉन हार्वी केलॉग ह्यांच्या 'द लिव्हिंग टेंपल' ह्या ग्रंथातील सर्वेश्वरवादी छटांवरून मोठा संघर्ष झाला व त्यात प्रेस्कॉट ह्यांनी ग्रंथास विरोध केला. ह्या सर्व घडामोडी चरित्रदृष्ट्या महत्त्वाच्या खऱ्याच. पण आपल्या विषयाच्या दृष्टीने त्याहून महत्त्वाचा आहे तो एका इब्री शब्दावरील वाद.

दानिएलच्या पुस्तकात आठव्या, अकराव्या व बाराव्या अध्यायांत मिळून पाच वेळा 'हत्तामीद' हा शब्द येतो. 'तामीद' म्हणजे अखंड, नित्य, नियमाने होणारे. 'ह' हा निश्चयवाचक उपपद. एक दुष्ट सत्ता उदयास येईल व 'ते नित्य' बंद पाडील, असा आशय आहे. १६११ च्या प्रख्यात इंग्रजी भाषांतरात येथे 'दैनिक' ह्या अर्थाच्या शब्दापुढे 'बली' ह्या अर्थाचा शब्द भाषांतरकारांनी स्वतः पुरविलेला आहे व तो पुरविलेला आहे हे वेगळ्या अक्षरवळणाने सूचित केले जाते.

ह्या रचनेचे स्वरूप मराठी वाचकास एका घरगुती उदाहरणाने चटकन समजेल. आपण 'दैनिक बंद पडले' असे म्हणतो, तेव्हा 'दैनिक काय?' असे कोणी विचारीत नाही. 'दैनिक' हे मूळचे विशेषण. परंतु 'वृत्तपत्र' हे विशेष्य गळून पडले व विशेषणच नाम झाले. 'साप्ताहिक', 'मासिक' ह्यांचीही तीच गत. आता कल्पना करावी की दोन सहस्र वर्षांनी वृत्तपत्रे ही संस्थाच नाहीशी झालेली आहे आणि कोणा वाचकाच्या हाती 'दैनिक बंद पडले' एवढेच वाक्य आले आहे. तो तर्क करू लागेल : दैनिक पूजा? दैनिक वेतन? 'तामीद'चे असेच झाले. गणनेच्या पुस्तकात (अध्याय २८ व २९) 'ओलत तामीद' म्हणजे नित्याचे होमार्पण हा पूर्ण शब्दप्रयोग पुन्हापुन्हा येतो. मंदिरातील नित्यदीप, नित्याची भाकर व नित्याचा धूप ह्यांनाही हेच विशेषण लागते. आणि बायबलोत्तर काळातील मिश्ना ह्या ग्रंथात तर सकाळ-संध्याकाळच्या होमास नुसते 'तामीद' म्हटले आहे व त्या नावाचे स्वतंत्र प्रकरणच आहे. सारांश, शब्दाचे क्षेत्र यरुशलेमच्या मंदिरातील नित्योपासनेचे आहे, हे प्रयोगावरून स्पष्ट होते.

मिलर ह्यांनी मात्र ह्या शब्दाचा अर्थ 'मूर्तिपूजक रोमन धर्म' असा केला होता. त्यांची पद्धती प्रसिद्ध आहे. इंग्रजी बायबल व त्याची शब्दसूची एवढीच साधने घेऊन ते एका स्थळाचा अर्थ दुसऱ्या स्थळावरून लावीत. दानिएलमध्ये 'दूर केले जाईल' असे आहे. थेस्सलनीकाकरांस लिहिलेल्या दुसऱ्या पत्रात 'वाटेतून दूर केला जाईल' अशा अर्थाचे इंग्रजी शब्द आहेत. तेथे अडथळा आहे तो मूर्तिपूजक धर्माचा, यास्तव दानिएलमधील 'दैनिक' म्हणजेही तोच, असे हे अनुमान होते. ह्या अनुमानाची संपूर्ण इमारत इंग्रजी क्रियापदाच्या साम्यावर उभी आहे. मुळात पाहता हे साम्य नाहीच. ग्रीक पत्रातील शब्दांचा सरळ अर्थ 'मधून बाजूला होईल' एवढाच आहे. त्यात 'काढून घेणे' ह्या अर्थाचे क्रियापद नाही. इतकेच नव्हे, तर खुद्द दानिएलमध्येही आठव्या अध्यायातील क्रियापद 'रूम' ह्या धातूचे आहे आणि अकराव्या व बाराव्या अध्यायांतील 'सूर' ह्या धातूचे. दोन इब्री धातू व एक ग्रीक वाक्प्रयोग इंग्रजीत येऊन जवळजवळ एकरूप झाले आणि त्या एकरूपतेतून सिद्धांत निर्माण झाला. भाषांतरास मूळ मानल्याने काय घडते, ह्याचे ह्याहून बोलके उदाहरण सापडणे कठीण.

युराया स्मिथ ह्यांच्या भाष्यामुळे मिलर ह्यांचा हा अर्थ पंथात रूढ झाला होता. विसाव्या शतकाच्या आरंभी जर्मनीतील लुडविग रिचर्ड कोनराडी ह्यांनी निराळा अर्थ मांडला : 'नित्य' म्हणजे स्वर्गीय मंदिरातील ख्रिस्ताचे नित्य याजकत्व, आणि ते लोकांच्या दृष्टीआड केले ते मध्ययुगीन पोपसत्तेने. प्रेस्कॉट ह्यांनी हा अर्थ उचलून धरला. अध्यक्ष डॅनिएल्स व मध्यवर्ती मंडळाचे चिटणीस विल्यम ॲम्ब्रोज स्पायसर हेही त्यांच्या बाजूचे होते. स्पायसर ह्यांचे नाव आपल्याकडे अपरिचित नाही. १८९८ ते १९०१ ह्या काळात ते कलकत्त्यास 'ओरिएंटल वॉचमन' ह्या पत्राचे संपादक होते. त्यांच्या नावाचे महाविद्यालय १९४२ मध्ये पुण्यानजीक खडकी येथे आले आणि २०१४ मध्ये त्यास विद्यापीठाचा दर्जा मिळाला.

वादात जुन्या पक्षाचे मुख्य शस्त्र व्याकरण नव्हते. ते होते एलेन व्हाइट ह्यांचे १८५० मधील एक विधान. 'बली' हा शब्द मानवी बुद्धीने पुरविलेला असून मूळ पाठात नाही, आणि १८४४ च्या संदेशवाहकांना ह्या विषयाचे योग्य ज्ञान दिले गेले होते, असा त्याचा आशय. जुन्या पक्षाने म्हटले : दर्शनाने मिलर ह्यांच्या अर्थावर शिक्कामोर्तब केले आहे, आता तो बदलणे म्हणजे दर्शनावर अविश्वास दाखविणे. प्रेस्कॉट ह्यांच्या पक्षाने म्हटले : विधान ज्या संदर्भात आले तो संदर्भ पाहा; तेथे विषय कालगणनेचा आहे, शब्दार्थाचा नव्हे. १९१० मध्ये एलेन व्हाइट ह्यांनी स्वतःच कळविले की ह्या मुद्द्यावर त्यांना काही सूचना मिळालेली नाही, त्यांच्या लेखनाचा आधार घेऊन वाद मिटवू नये व दोन्ही पक्षांनी मौन पाळावे.

तटस्थ समीक्षकास येथे दोन्ही पक्षांविषयी काही म्हणावे लागेल. प्रेस्कॉट ह्यांचा अर्थ शब्दाच्या प्रयोगक्षेत्रास अधिक जवळचा आहे. तो मंदिर व उपासना ह्यांच्या परिसरातच राहतो. परंतु त्यापुढील पायरी, म्हणजे ते नित्य कोणी, कोणत्या शतकात व कसे हिरावून घेतले, ही व्याकरणाने सिद्ध होणारी गोष्ट नव्हे. ती श्रद्धेची व इतिहासविषयक कल्पनेची पायरी आहे. शिवाय 'बली' हा शब्द पुरविलेला आहे एवढ्याने तो चुकीचा ठरत नाही; विशेष्य लुप्त असते तेव्हा भाषांतरकारास ते व्यक्त करावे लागते. मिश्नातील प्रयोग पाहता भाषांतरकारांची निवड समर्थनीय होती, जरी तिने शब्दाचे क्षेत्र थोडे संकुचित केले. ही गोष्ट दोन्ही पक्षांना पुरेशी मान्य नव्हती, कारण १८५० च्या विधानाने तो प्रश्न दोघांसाठीही आधीच बंद केला होता.

५

त्याच सुमारास दुसरे एक काम प्रेस्कॉट ह्यांच्याकडे आले. एलेन व्हाइट ह्यांच्या 'द ग्रेट कॉन्ट्रोव्हर्सी' ह्या ग्रंथाचे छपाईचे साचे झिजले होते व नवी आवृत्ती काढणे भाग होते. ह्या प्रसंगी अनेकांकडून सूचना मागविण्यात आल्या. प्रेस्कॉट ह्यांनी एप्रिल १९१० मध्ये ३९ पृष्ठांचे पत्र लिहून १०५ सूचना पाठविल्या. १९११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आवृत्तीत इतिहासकारांच्या उताऱ्यांना प्रथमच चारशेहून अधिक संदर्भ जोडण्यात आले व काही विधानांचे शब्द बदलण्यात आले.

ह्या बदलांपैकी दोन नमुने भाषेच्या दृष्टीने पाहण्याजोगे आहेत. पॅरिसमधील १५७२ च्या सेंट बार्थोलोम्यू कत्तलीचे वर्णन करताना पूर्वीच्या आवृत्तीत, मध्यरात्री 'राजवाड्याची मोठी घंटा' वाजली व तो कत्तलीचा संकेत होता, असे म्हटले होते. कोणती घंटा वाजली ह्याविषयी इतिहासकारांत एकमत नाही. म्हणून नव्या आवृत्तीत केवळ 'एक घंटा' असे करण्यात आले. निश्चयवाचक उपपदाच्या जागी अनिश्चयवाचक आले, दोन शब्द गळले आणि जेवढे ज्ञात होते तेवढेच विधान उरले. दुसरा नमुना अधिक गंभीर आहे. प्रकटीकरणाच्या पुस्तकातील पतन पावलेल्या बाबेलविषयीचा एक संदेश रोमन मंडळीस लागू होऊ शकत नाही, असे पूर्वी म्हटले होते. नव्या आवृत्तीत 'केवळ' ह्या अर्थाचा एक शब्द घालण्यात आला. मराठीत हा फरक एका 'च'चा आहे : 'रोमन मंडळीस लागू होत नाही' आणि 'केवळ रोमन मंडळीसच लागू होत नाही'. पहिल्या वाक्यात ती मंडळी संदेशाच्या कक्षेबाहेर आहे; दुसऱ्यात ती आत असून इतरही आत आहेत. नकाराची व्याप्ती एका अव्ययाने कशी पालटते, हे वर्गात समजावून सांगण्यास ह्याहून नेमके उदाहरण नको.

ह्या संशोधनाने पंथात खळबळ माजली. ईश्वरप्रेरित लेखनात शब्द बदलतातच कसे, हा प्रश्न साध्या भाविकांनी विचारला आणि त्यांचा दोष नव्हता. त्यांना शब्द न् शब्द ईश्वरोक्त असल्याचे सांगण्यात आले होते, निदान तसे समजू दिले गेले होते. लेखिकेचे पुत्र विल्यम व्हाइट ह्यांना १९११ मध्ये खुलासा करावा लागला की आपल्या मातेने शब्दशः प्रेरणेचा दावा कधी केलेला नाही. प्रेस्कॉट ह्यांची व्यथा ह्याहून खोल होती. ६ एप्रिल १९१५ रोजी विल्यम व्हाइट ह्यांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी स्पष्टच म्हटले की, ह्या लेखनाविषयी लोकांत जो चुकीचा समज आहे तो दूर करण्याऐवजी जोपासला जात आहे आणि त्यामुळे आपणांस फार मनस्ताप झाला आहे.

आपल्या वाङ्मयेतिहासातील एक प्रसंग येथे साहजिकच आठवतो. शके १५०६ मध्ये एकनाथांनी ज्ञानेश्वरीचे पाठशोधन केले आणि वारकरी परंपरेने ते शिरोधार्य मानले. तेथे शोधक स्वतः संत होता, मूळ ग्रंथकार तीन शतके मागे होता आणि पाठ लेखकांच्या हातून बिघडला आहे हे सर्वांस मान्य होते. दोष ग्रंथकाराचा नव्हे, लेखनिकाचा. त्यामुळे शोधन ही सेवा ठरली. प्रेस्कॉट ह्यांच्या वाट्यास अशी एकही सोय आली नाही. ग्रंथकर्त्री हयात होती, सुधारावयाचे होते ते लेखनिकाचे नव्हे तर मूळचेच शब्द होते, आणि शोधक हा संत नसून कचेरीत बसणारा प्रशासक होता. पाठशोधनाचा स्वीकार हा शोधकाच्या विद्वत्तेवर जितका, तितकाच शोधकास समाजात असलेल्या स्थानावर अवलंबून असतो, हे ह्या तुलनेवरून दिसून येते.

६

एलेन व्हाइट ह्यांचे जुलै १९१५ मध्ये निधन झाले. चार वर्षांनी, जुलै १९१९ मध्ये, टाकोमा पार्क येथे पंथातील निवडक विद्वानांची बायबलपरिषद भरली व तिच्या जोडीने अध्यापकांची सभा झाली. प्रेस्कॉट ह्यांनी ख्रिस्ताच्या व्यक्तित्वावर व्याख्याने दिली. त्यांचा 'द डॉक्ट्रिन ऑफ ख्राइस्ट' हा ग्रंथ १९२० चा आहे. सभेच्या शेवटच्या दिवसांत प्रेरणेचा प्रश्न मोकळेपणाने चर्चिला गेला. अध्यापकांची अडचण व्यावहारिक होती : आम्हांस जे ठाऊक आहे ते विद्यार्थ्यांस सांगावे काय? चर्चा लघुलेखकांनी टिपली, टंकलिखित झाली आणि कपाटात ठेवली गेली. ती थेट डिसेंबर १९७४ मध्ये अभिलेखागारात सापडली आणि १९७९ मध्ये 'स्पेक्ट्रम' ह्या नियतकालिकातून तिचा काही भाग प्रसिद्ध झाला. १९२२ मध्ये डॅनिएल्स ह्यांचे अध्यक्षपद गेले व त्यांच्या जागी स्पायसर आले. प्रेस्कॉट ह्यांनी पुढेही ऑस्ट्रेलियात व अमेरिकेत महाविद्यालयांतून काम केले, १९३३ मध्ये पुराणवस्तुसंशोधन व बायबल ह्यांवरील 'द स्पेड अँड द बायबल' हा ग्रंथ प्रसिद्ध केला, आणि १९४४ च्या जानेवारीत त्यांचे निधन झाले.

येथे चरित्राच्या शीर्षकातील 'विस्मृत' ह्या विशेषणाकडे परत यावे लागते. विसरणे हे क्रियापद मराठीत अनवधान सुचविते; काळ गेला, माणसे गेली, आठवण पुसट झाली. प्रेस्कॉट ह्यांच्या बाबतीत असे घडले काय? ज्याने तीन महाविद्यालयांचे अध्यक्षपद भूषविले, सात वर्षे मुखपत्र संपादिले, तो सहज विसरला जात नाही. ज्या सभेत त्याने भाग घेतला तिचा वृत्तांत पंचावन्न वर्षे कपाटात पडून राहिला, ह्या घटनेस विस्मरण म्हणणे सौम्यपणाचे होईल. त्यास विसरण्यात आले, असा प्रयोगच येथे अधिक यथार्थ आहे. व्हॅलेंटाइन ह्यांनी जमविलेली सामग्री ह्याच निष्कर्षाकडे बोट दाखविते. शीर्षक मात्र तिच्या मानाने नरम आहे.

७

ह्या चरित्रातून निघणारा निष्कर्ष कोणता? प्रेस्कॉट ह्यांनी ग्रीक-लॅटिन वाङ्मय अभ्यासक्रमात होते तसेच राखावयास हवे होते, असे म्हणणे सोपे आहे, परंतु ते बरोबर नाही. ब्राउन्सबर्गर ह्यांच्या काळात ते वाङ्मय अग्रस्थानी होते, तेव्हाही युराया स्मिथ ह्यांच्या भाष्यातील इंग्रजी शब्दसाम्यावर उभा असलेला अर्थ कोणी तपासून पाहिला नव्हता. अभिजात भाषा शिकल्याने शब्दविवेक येतोच असे नाही. पण तो यावयाचा असेल तर कोठून तरी शिकावाच लागतो; श्रद्धेच्या उत्कटतेतून तो आपोआप उद्भवत नाही. प्रेस्कॉट ह्यांना स्वतःला तो मिळाला होता, म्हणून इतरांसही तो असेल असे त्यांनी गृहीत धरले. सुधारक आपल्या स्वतःच्या शिक्षणाचे ऋण बहुधा विसरतो. ज्या शिडीने तो वर चढलेला असतो ती त्यास अनावश्यक वाटू लागते. बायबलला अभ्यासक्रमाच्या केंद्रस्थानी आणताना इब्री व ग्रीक ह्यांचे, निदान मूळ व भाषांतर ह्यांतील भेदाचे, शिक्षण त्यांनी त्याच आग्रहाने सर्वांपर्यंत नेले असते, तर १९१० च्या वाचकांस 'ते नित्य' ह्या शब्दाचा विचार करताना दर्शनाकडे धाव घ्यावी लागली नसती आणि 'एक घंटा' वाचून त्यांचा विश्वास डळमळला नसता.

आपल्या विद्यापीठांतील भाषाविभागांतूनही नेमलेल्या ग्रंथांची अदलाबदल वरचेवर होत असते. प्राचीन ग्रंथ कमी करावे की वाढवावे, ह्यावर अभ्यासमंडळांत कित्येक तास चर्चा चालते. ग्रंथ कोणताही असो, तो मूळ पाठावरून वाचावयाचा की गद्य भावार्थावरून, हा प्रश्न मात्र क्वचित विचारला जातो. तो विचारला न गेल्यास काय होते, हे पाहण्यास प्रेस्कॉट ह्यांच्या चरित्राचे वाचन उपयोगी पडेल. ह्या दृष्टीने ते केवळ एका दूरदेशीय पंथाच्या अनुयायांपुरते राहत नाही. ग्रंथ शिकविणाऱ्या प्रत्येकाने ते एकदा वाचावे, अशी शिफारस करण्यास प्रस्तुत लेखकास संकोच वाटत नाही.